सोलापूरला दम खाऊ द्या

शहरातल्या नव्या जिममध्ये वजनं, ट्रेडमिल आणि प्रोटीनच्या डब्यांच्या जोडीला आता श्वासही आला आहे. रील बघून शिकलेली पोरं चटईवर आडवी पडून तीस-चाळीस वेळा धापा टाकल्यासारखा श्वास ओढतात-सोडतात, मग सगळी हवा बाहेर टाकून मोबाईलवरचं घड्याळ लावतात. कुणी दीड मिनिट थांबतो, कुणी दोन. डोकं हलकं होतं, बोटांना मुंग्या येतात, आणि उठल्यावर काहीतरी जिंकल्यासारखं वाटतं. कुठे निळ्या ड्रममध्ये बर्फाची लादी फोडून टाकलेली असते. या सगळ्याला 'रिकव्हरी' म्हणतात. मेहनतीनंतर शरीर आणि मन पुन्हा जागेवर आणायचं, हा त्यामागचा हेतू.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. श्वासाने थकलेल्या माणसाला विसावा मिळतो हे खरं आहे, आणि त्याला चांगला शास्त्रीय आधार आहे. पण ज्या श्वासाने विसावा मिळतो तो संथ असतो, फुकट असतो, आणि व्हिडिओत बघण्यासारखं त्यात काही नसतं. शिबिरांत आणि रील्समध्ये जो श्वास चालतो तो बहुतेक वेळा उलटं काम करतो. तो शरीराला चेतवतो, थकवा जाणवू देत नाही. या दोन गोष्टी एकाच नावाने शिकवणं धोक्याचं आहे. ज्या गावात माणसं मुळात कष्टाने थकलेली आहेत, तिथे तर जास्तच.

हे सगळं आलं कुठून ते बघण्यासारखं आहे. लेअर्ड हॅमिल्टन हा हवाईत वाढलेला अमेरिकन सर्फर, प्रचंड लाटांवर स्वार होण्यासाठी जगभर माहीत असलेला. त्याने आणि त्याची पत्नी, व्हॉलीबॉलपटू गॅब्रिएल रीस हिने मिळून 'एक्सपीटी', म्हणजे एक्स्ट्रीम परफॉर्मन्स ट्रेनिंग नावाची पद्धत उभी केली. श्वास, हालचाल आणि रिकव्हरी हे तिचे तीन आधार. पोहण्याच्या तलावात डंबेल घेऊन तळाशी जायचं, तिथून उसळी मारून वर यायचं, नंतर सौना म्हणजे तापवलेली खोली, नंतर बर्फ. हॅमिल्टनच्या आयुष्यात याला अर्थ आहे. चार-पाच मजली लाट अंगावर कोसळली की माणूस पाण्याखाली दाबला जातो, आणि तिथे जो घाबरला तो गेला. श्वास रोखून डोकं ठिकाणावर ठेवणं ही त्याच्यासाठी जगण्याची विद्या आहे. दुसरं नाव विम हॉफ या डच माणसाचं. जोरकस श्वास, मग रोखणं, आणि बर्फ, हे त्याचं सूत्र. आज जिममध्ये जे चाललंय ते बहुतेक त्याचंच, तुकड्यातुकड्याने उचललेलं.

या मंडळींना मी भोंदू म्हणणार नाही. २०१४ साली नेदरलँड्समधल्या राडबाउड विद्यापीठात हॉफच्या पद्धतीची नीट चाचणी झाली. २४ निरोगी माणसं घेतली, त्यातल्या निम्म्यांना ही पद्धत शिकवली आणि सगळ्यांना जिवाणूंपासून काढलेल्या विषाची अगदी थोडी मात्रा टोचली. शिकलेल्यांना थंडीताप, डोकेदुखी, मळमळ कमी झाली, आणि रक्तातली दाह वाढवणारी रसायनंही कमी दिसली. निष्कर्ष महत्त्वाचा आहे. पण त्याच चाचणीतला दुसरा आकडा रील्समध्ये कुणी सांगत नाही: शिकलेल्यांच्या रक्तातलं अ‍ॅड्रेनलीन खूप वाढलं होतं. अ‍ॅड्रेनलीन हे लढण्या-पळण्याचं रसायन आहे. म्हणजे हा श्वास शरीराला विश्रांतीकडे नेत नाही, तो त्याला कामाला जुंपतो. तोही प्रयोग डॉक्टरांच्या देखरेखीखाली, निवडून घेतलेल्या धडधाकट माणसांवर झाला होता. पहाटे पाचपासून मैदानावर राबून आलेल्या पोराला संध्याकाळी आणखी एकदा पेटवणं याला रिकव्हरी कसं म्हणायचं?

आता विसाव्याचा श्वास. श्वास आत घेताना हृदयाचे ठोके थोडे वाढतात, सोडताना मंदावतात. शांत बसून मनगटावर बोट ठेवलं तर तरुण माणसाला हे स्वतःचं स्वतःला कळतं. म्हणून उच्छ्वास लांबवला की शरीराला शांत करणाऱ्या मज्जासंस्थेचा अंमल वाढतो, आणि मिनिटाला साधारण सहा श्वास या गतीला हृदय आणि रक्तदाब यांचा ताळमेळ सर्वांत चांगला बसतो. २००१ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये इटलीतल्या संशोधकांचा एक सुंदर लेख आला होता. लॅटिन भाषेतली ख्रिस्ती जपमाळ म्हणा किंवा योगातला मंत्र म्हणा, दोन्हींत म्हणणाऱ्याचा श्वास आपोआप मिनिटाला सहाच्या आसपास येतो, असं त्यांनी मोजून दाखवलं. पंढरपूर आपल्याच जिल्ह्यात आहे. अभंगाची लांब ओळ एका दमात म्हणत, टाळाच्या ठेक्यावर पाय टाकत दिवसच्या दिवस चालणारी साठी-सत्तरीची माणसं आपण दर आषाढीला बघतो. गाणाऱ्याला उच्छ्वास लांबवावाच लागतो. त्यासाठी कुणी शिबिराची फी भरत नाही.

स्टॅनफर्डमधल्या संशोधकांनी २०२३ साली चार गोष्टी शेजारीशेजारी ठेवून बघितल्या: लांब उसासे, समान मोजणीचा श्वास, धापांचा जोरकस श्वास आणि ध्यान. रोज फक्त ५ मिनिटं, महिनाभर. फायदा सगळ्यांनाच झाला, धापांच्या गटालाही. पण मन प्रसन्न राहण्यात सगळ्यांत पुढे निघाला तो लांब उसाशांचा गट. नाकाने एक श्वास, त्यावर आणखी एक छोटा श्वास, मग तोंडाने सावकाश लांब उच्छ्वास. रडून शांत होणारं लहान मूल नेमकं हेच करतं. त्याला ना टब लागतो, ना प्रशिक्षक.

सगळ्यांत काळजीचा भाग पाण्याचा आहे, म्हणून त्यावर जरा थांबतो.

जोरजोरात श्वास घेतल्याने रक्तात ऑक्सिजन भरतो आणि म्हणून श्वास जास्त वेळ रोखता येतो, असं जवळजवळ प्रत्येक जण सांगतो. हे चूक आहे. निरोगी माणसाच्या रक्तात ऑक्सिजन आधीच ९५ ते ९९ टक्के भरलेला असतो. करोनाच्या काळात घरोघरी ऑक्सिमीटर आले, तेव्हा हा आकडा सगळ्यांनी पाहिला आहे. भरलेल्या भांड्यात आणखी किती ओतणार? धापांनी खरं तर काय होतं, तर रक्तातला कार्बन डायऑक्साइड निघून जातो. आणि श्वास घ्यावासा वाटण्याची जी तीव्र ऊर्मी असते, ती ऑक्सिजन कमी झाला म्हणून येत नाही, मुख्यतः कार्बन डायऑक्साइड वाढला म्हणून येते. तो आधीच घालवून टाकला की ऊर्मी उशिरा येते. इकडे ऑक्सिजन मात्र नेहमीच्याच वेगाने संपत असतो. ऊर्मी येण्याआधीच तो मेंदूला पुरेनासा होतो आणि शुद्ध हरपते. गुदमरल्याची जाणीव होत नाही, हातपाय झाडले जात नाहीत, आरोळी नाही. चटईवर हे झालं तर माणूस अर्ध्या मिनिटात आपोआप श्वास घेऊन जागा होतो. पाण्यात झालं तर तो आपोआप घेतलेला श्वास पाण्याचा असतो.

मुंग्या आणि हलकं डोकं यांचाही अर्थ याच हिशेबात आहे. कार्बन डायऑक्साइड घटला की मेंदूकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्या आकसतात. जे 'एनर्जी' म्हणून सांगितलं जातं ते बऱ्याचदा मेंदूला रक्त कमी पडल्याचं लक्षण असतं. ज्याला फिट्स येतात, ज्याला हृदयविकार आहे, ज्याचा रक्तदाब आटोक्यात नाही, किंवा जी बाई गरोदर आहे, तिने-त्याने या वाटेला जाऊच नये.

पाण्याखाली कोण जास्त वेळ राहतो ही पैज आपल्याकडे नवी नाही. उन्हाळ्यात गावोगावच्या विहिरींवर पोरं काठावर उभी राहून आकडे मोजत असतात, आणि दर उन्हाळ्यात बुडून गेलेल्या मुलांच्या बातम्या येतात. त्यात अशा पद्धतीने शुद्ध हरपलेला कोण आणि पोहता येत नसलेला कोण, हे बाहेर काढल्यावर सांगता येत नाही, कारण या मरणाची वेगळी खूण शरीरावर राहत नाही. या जुन्या खेळात आता रीलवरचा नवा सल्ला मिसळला आहे: उडी मारण्याआधी वीस-तीस जोरदार श्वास घे. पट्टीच्या पोहणाऱ्यालाही जे एका मिनिटात घेऊन जाईल, ते चौदा-पंधरा वर्षांच्या पोराच्या हातात खेळणं म्हणून दिलं आहे. मुरलेले पाणबुडे आणि फ्रीडायव्हर, म्हणजे सिलिंडरशिवाय एका दमात बुडी मारणारे, कधीही एकटे बुडी मारत नाहीत, बुडीआधी धापा टाकत नाहीत, आणि काठावर फक्त त्यांच्याकडे बघत बसलेला एक साथीदार असतो. त्यांचा हा नियम अनुभवातून आला आहे, आणि तोच रीलमध्ये गाळला जातो.

म्हणून माझी पहिली मागणी साधी आहे. महापालिकेच्या आणि खाजगी जलतरण तलावांवर पाण्यात श्वास रोखण्याच्या स्पर्धा आणि पाण्यात उतरण्याआधीच्या धापा, दोन्हींवर स्पष्ट बंदी हवी. ती मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दूत, काठावर, पोरांच्या डोळ्यांच्या उंचीवर लिहिलेली हवी. जीवरक्षकाला हे माहीत हवं की पाण्याखाली शांत पडलेलं मूल बहुधा खेळत नसतं. आणि अठरा वर्षांखालच्या मुलांना धापांचा आणि श्वास रोखण्याचा प्रकार कुठल्याही शिबिरात शिकवू नये, जमिनीवरसुद्धा नाही.

यावर एक उत्तर मला हमखास मिळतं: ही तर आपलीच विद्या आहे, जोरकस श्वासाची भस्त्रिका आहे, श्वास रोखण्याचा कुंभक आहे, गोऱ्यांनी आपल्याकडूनच नेली, मग तिची भीती कसली? विद्या आपली आहे हे खरं. पण मग तिच्या अटीही आपल्याच आहेत. हठयोगाच्या जुन्या ग्रंथात, हठप्रदीपिकेत, स्पष्ट सांगितलं आहे की सिंह, हत्ती, वाघ जसे हळूहळू वश होतात तसाच प्राणवायूही हळूहळूच वश करावा, नाहीतर तो साधकालाच मारतो. आणि श्वासाची मोजदाद करायलाही आपल्याला परदेशात जायची गरज नव्हती. स्वामी कुवलयानंदांनी १९२४ साली लोणावळ्यात कैवल्यधाम सुरू केलं, त्याच वर्षी 'योगमीमांसा' हे नियतकालिक काढलं, आणि योगाच्या क्रियांत शरीरात नेमकं काय घडतं ते यंत्रं लावून तपासायला घेतलं. प्राणायामात किती ऑक्सिजन आत जातो, किती कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो, याचे प्रयोग तिथे झाले. महाराष्ट्राचा वारसा हा आहे: आधी तपासा, मग शिकवा. परंपरेचं नाव पुढे करून तपासणी टाळणं त्या वारशात बसत नाही.

हळूहळू म्हणजे काय, हे सोलापुरात कुणाला समजवावं लागू नये. सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत सात नंदीध्वज निघतात. ते उंच, जड काठ्यांचे ध्वज तोलत मिरवणुकीत चालणं हे अंगमेहनतीचं मोठं काम आहे. पांढऱ्या बाराबंदीतली ती माणसं संक्रांतीच्या दिवशी अचानक खांदा द्यायला येत नाहीत. आधी कितीतरी दिवस सराव चालतो, नवखा माणूस जाणत्यांच्या मधे उभा राहून शिकतो, आणि मिरवणुकीत एकाचा दम संपायच्या आत दुसरा पुढे झालेला असतो. माझ्या मते एकट्याने मोबाईलसमोर केलेल्या कुठल्याही विक्रमापेक्षा ही शिकवण मोठी आहे.

आता त्या पोरांकडे येऊ ज्यांच्यासाठी हे सगळं मी लिहितोय. पोलीस भरतीची तयारी करणारी पोरं-पोरी शहरातल्या मैदानांवर पहाटे अंधारातच दिसतात. आसपासच्या तालुक्यांतून आलेली, खोली भाड्याने घेऊन पाच-सहा जण एकत्र राहणारी. मैदानी चाचणीला ५० गुण. मुलांना १६०० मीटर, मुलींना ८०० मीटर, दोघांनाही १०० मीटर आणि गोळाफेक. शेवटच्या फेरीनंतर एखादा पोरगा गुडघ्यांवर हात ठेवून वाकतो, ओठ सुकलेले, मान खाली, आणि बाजूने जाणारा त्याचाच जोडीदार ओरडतो, "चाल बे, बसू नको, चालत राहा!" हा सल्ला बरोबर आहे. एकदम थांबलं की पायांत रक्त साचतं आणि चक्कर येते. चालत राहायचं, आणि जमेल तसा उच्छ्वास लांबवत न्यायचा. दोन-तीन मिनिटांत नाडी उतरायला लागते. श्वासाचं काम इथे खरंच आहे, आणि ते इथेच शिकवायला हवं.

पण त्यापुढे श्वासाचं काम संपतं. मेहनतीने स्नायूंच्या तंतूंना जी बारीक इजा होते ती भरून यायला एक ते तीन दिवस लागतात. स्नायूंत साठवलेली साखर पुन्हा भरायला भाकरी-भात लागतो, डागडुजीला डाळ, अंडी, दूध लागतं, आणि या सगळ्याला झोप लागते. लॅक्टिक अ‍ॅसिड श्वासाने 'फ्लश' होतं असं सांगणारे आहेत. ते तसंही तासाभरात शरीर स्वतःच वापरून टाकतं, त्याला फ्लश करायची गरज नसते. ज्या पोराचा सकाळचा नाश्ता म्हणजे चहा-खारी आहे, जो रात्री बारापर्यंत चालू घडामोडी पाठ करून पहाटे चारला उठतो, दिवसातून दोनदा पळतो आणि रविवारी पण पळतो, त्याला बर्फाचा ड्रम आणि श्वासाचं शिबिर विकणं हा अन्याय आहे. त्याला सुट्टीचा दिवस हवा आहे.

आपल्या तालमींना हे कळत होतं. जोर-बैठका आणि लढत झाली की वस्ताद पोराला मोकळं सोडत नसत. मालिश असायची, खुराक ठरलेला असायचा, दुपारची झोप सक्तीची असायची.  ती शिस्त श्रीमंतांची नव्हती. शेतकऱ्याच्या, गिरणी कामगाराच्या पोरांसाठीच ती बनली होती. भरती अकादमी चालवणाऱ्यांनी ही एवढी एक गोष्ट तालमीकडून घ्यावी: आठवड्यातून एक पूर्ण दिवस मैदान बंद. आणि प्रत्येक पोराला एक वही. सकाळी डोळे उघडल्यावर, अंथरुणातच, मिनिटभराची नाडी मोजून तीत लिहायची. नेहमीपेक्षा पाच-दहा ठोके जास्त येऊ लागले आणि तसेच येत राहिले तर शरीर सावरलेलं नाही, त्या दिवशी हलकं करायचं. याला खर्च वहीचा.

बर्फाबद्दल थोडक्यात. ताकदीच्या व्यायामानंतर दर वेळी दहा मिनिटं थंड पाण्यात बसणाऱ्यांचे स्नायू हलका व्यायाम करून थांबणाऱ्यांपेक्षा कमी वाढले, असं २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या बारा आठवड्यांच्या अभ्यासात दिसलं. म्हणजे गोळाफेकीसाठी ताकद कमवणारा पोरगा बर्फात बसून स्वतःचंच नुकसान करून घेतो. शिवाय ज्या शहरात वर्षानुवर्षं नळाला पाणी चार-चार, पाच-पाच दिवसांआड आलं, तिथे ड्रमभर पाणी कशासाठी वापरायचं हा प्रश्न सार्वजनिक आहे. मात्र तो ड्रम मैदानावर असावा, हे मी आग्रहाने सांगेन, आणि वेगळ्या कारणासाठी. एप्रिल-मेमध्ये इथला पारा ४२-४३ च्या वर जातो. पळता पळता एखादा पोरगा बरळायला लागला, अडखळून पडला, अंग भाजल्यासारखं तापलं, तर तो उष्माघात आहे, आणि तिथे प्रत्येक मिनिट मोलाचं. आधी त्याला गळ्यापर्यंत थंड पाण्यात बसवायचं, डोकं धरून ठेवायचं, आणि अ‍ॅम्ब्युलन्स बोलवायची. गार केल्याशिवाय गाडीत घालून पळवण्यात वेळ दवडू नये. भरतीच्या प्रत्येक मैदानावर पाण्याचा ड्रम, बर्फ आणि हे माहीत असलेला एक माणूस हवा. जीव वाचवणारा बर्फ हा आहे.

मनाच्या बाबतीतही एक सीमा पाळायला हवी. तीन भरत्या हुकलेला, वय निघून चाललेला, घरचे रोज फोन करून 'काय झालं रे' विचारतात असा मुलगा आतून खचलेला असतो. पाच मिनिटांचा संथ श्वास त्याला त्या रात्री झोप देऊ शकतो, आणि तेवढं तरी मिळालंच पाहिजे. पण 'मन कणखर कर, श्वास रोखून दाखव' हे त्याच्या दुखण्यावरचं औषध नाही. ज्याला पॅनिकचे झटके येतात त्याला तर धापांनी झटकाच येऊ शकतो. सरकारची टेली-मानस हेल्पलाइन १४४१६ या क्रमांकावर आहे, फुकट आहे, मराठीत बोलता येतं. तो क्रमांक प्रत्येक अकादमीच्या भिंतीवर, वेळापत्रकाच्या शेजारी लावलेला असावा.

आणि सोलापुरात श्वासाबद्दल लिहायचं तर पूर्व भागात गेल्याशिवाय लेख पुरा होत नाही. ज्यांचा श्वास या शहराने वापरला ती माणसं तिथे राहतात. टेरी टॉवेलच्या कारखान्यात यंत्रमागांच्या खडखडाटात कान बधिर होतात, आणि उन्हाच्या तिरिपेत हवेत तरंगणारे कापसाचे तंतू दिसतात. ते कामगाराच्या केसांत, भुवयांवर, नाकाच्या केसांत बसतात. दिसत नाहीत ते छातीत. कापसाच्या धुळीने होणाऱ्या आजाराला बिसिनोसिस म्हणतात. त्याची सुरुवातीची खूण अशी की सुट्टीनंतर कामावर आल्याच्या पहिल्या दिवशी छाती आवळून येते, आणि आठवडा सरकत जातो तसं बरं वाटतं. कामगार समजतो की सुट्टीने अंग आखडलं. कायद्याने हा व्यवसायजन्य आजार आहे, त्याची भरपाई मागता येते, पण आधी तो ओळखला जायला हवा. विड्या वळणाऱ्या बायकांचं तसंच. मांडीवर सूप, त्यात तेंदूची पानं आणि तंबाखू, पाठ वाकलेली, आणि हजाराच्या हिशेबाने मजुरी असल्यामुळे हात थांबवता येत नाहीत. तंबाखूची धूळ त्यांच्याच नव्हे, शेजारी झोपलेल्या नातवाच्याही नाकात जाते.

अशा ठिकाणी 'तणावमुक्तीसाठी प्राणायाम शिबिर' घेतलं की फोटो चांगले येतात. शिबिराला माझा विरोध नाही. संथ श्वास त्या बाईचाही हक्क आहे. पण धुळीत दीर्घ श्वास घेतला तर धूळही दीर्घच आत जाते. शिबिराच्या आधी एक्झॉस्ट पंखे हवेत, धूळ ओढून घेणारी यंत्रणा हवी, झाडण्याऐवजी ओल्या फडक्याने पुसणं हवं, पाळीच्या मधे खरोखर अर्धा तास बाहेर जाऊन बसता यायला हवं. केंद्राच्या स्वच्छ हवा कार्यक्रमात देशातल्या ज्या शहरांची हवा मानकांत बसत नाही त्यांच्या यादीत सोलापूर आहे. तो कार्यक्रम रस्त्यावरच्या धुळीचा विचार करतो. कारखान्याच्या आतली धूळ त्याच माणसाच्या त्याच फुप्फुसात जाते, तिचा विचार कोण करणार?

म्हणूनच मला शिबिरांपेक्षा एका साध्या तपासणीचा आग्रह धरावासा वाटतो. स्पायरोमेट्री. नळीत जोराने फुंकायचं, फुप्फुसांत किती हवा मावते आणि ती किती वेगाने बाहेर पडते याचा आलेख मिळतो, काम दहा-पंधरा मिनिटांचं. यंत्रमाग आणि विडी कामगारांची ही तपासणी वर्षातून एकदा व्हावी, शक्यतो सुट्टीनंतरच्या पहिल्या दिवशी, पाळीच्या आधी आणि पाळीनंतर, कारण बिसिनोसिस त्या दोन आलेखांच्या फरकात सापडतो. कामगार विमा योजनेच्या दवाखान्यांत ती व्हावी. ज्या छोट्या शेडमधले माग योजनेत बसत नाहीत तिथे महापालिकेच्या आरोग्य केंद्रातून माणूस पाठवावा. आलेखाची एक प्रत कामगाराच्या हातात द्यावी, मालकाच्या फाईलमध्ये नव्हे. श्वासाच्या शिबिरांसाठी जो निधी, जे सभागृह आणि जी उद्घाटनाची वेळ सहज मिळते, ती या तपासणीला का मिळू नये, हे आपल्या नगरसेवकांना आणि कारखानदारांच्या संघटनांना विचारायला हवं.